मोरचुदाची पोती आणि हिरवी साय

मे महिन्यातली गोष्ट. सकाळी सातला फोन आला. माझा जुना विद्यार्थी, आता आमच्याच भागात जनावरांचा डॉक्टर. "मॅडम, मायक्रोस्कोप घेऊन येता का? तलावावर ऑईल पेंट सांडल्यासारखं दिसून राह्यलं. कालपासून दोन बकऱ्या अन् एक गोऱ्हा गेला."

ऑईल पेंट हा शब्द ऐकला आणि मी चहा तसाच ठेवला. दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या अलेक्झांड्रिना सरोवराकाठी पटापट मेलेल्या मेंढ्या-घोड्यांची हकीकत जॉर्ज फ्रान्सिस यांनी १८७८ साली छापली होती. त्या पाण्यावरची सायही हिरव्या तैलरंगासारखीच होती. वर्गात ही हकीकत मी दरवर्षी सांगते. आपल्या तालुक्यात ती समोर येईल, असं कधी मनात आलं नव्हतं.

कॉलेजचा आरशाचा जुना मायक्रोस्कोप घेतला. तो उन्हावर चालतो, लाईट असो-नसो. नऊला गावात पोचले.

आमच्या भंडारा जिल्ह्यातला हा एक मामा तलाव, म्हणजे माजी मालगुजारी तलाव, जुन्या मालगुजारांच्या (जमीनदारांच्या) काळातला. पावसाळ्यात धानाच्या बांध्यांना पाणी, वर्षभर गुरांना पाणी, आणि ढिवरांची मासेमारी, सगळं त्याच्यावर. मे महिन्यात पाणी निम्म्याहून खाली गेलेलं. तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, शंभरेक माणसं, आणि वातावरण चांगलं नव्हतं. मासेमारीच्या ठेक्यावरून गावात दोन तट होते. "कोणंतरी जहर टाकलं असन जी," असं एक जण मोठ्याने म्हणाला, आणि कोणाकडे बघून म्हणाला ते सगळ्यांना कळलं. पोलिसांत जायची भाषा चालू होती. झाडाखाली मोरचुदाची दोन पोती आणि पंचायतीची टीसीएल (ब्लीचिंग) पावडर आणून ठेवलेली. शेवाळ आहे, मारून टाकू, असा बेत.

डॉक्टरने आपलं काम नेटकं केलं होतं. जनावर अचानक दगावलं की घाईने शव उघडायचं नसतं. आधी कानातलं रक्त काचेवर घेऊन फाशी रोग (अँथ्रॅक्स) नाही याची खात्री त्याने केली, मगच सुरी लावली. गोऱ्ह्याचं काळीज, म्हणजे यकृत, त्याने मला दाखवलं. फुगलेलं, काळंनिळं, रक्ताने थबथबलेलं. कीटकनाशकाच्या विषबाधेत तोंडाला फेस येतो, अंग थरथरतं, तसं काही मालकाने पाहिलं नव्हतं. नुसती सुस्ती, अडखळत चालणं, आणि मग जनावर आडवं.

काठावर गेले. वारा पश्चिमेकडून, त्यामुळे सगळी साय पूर्वेच्या घाटाला लोटलेली, आणि गुरं पाण्यावर उतरतात ती नेमकी तिथेच. काडी घालून उचलली. साधं धाग्यांचं शेवाळ असतं तर केसांसारखं काडीला गुंडाळून आलं असतं. इथे काडी रंगात बुडवल्यासारखी निघाली.

थेंब काचेवर घेतला, आरसा उन्हाकडे वळवला. भिंगाखाली ओबडधोबड पुंजके, आणि प्रत्येक पुंजक्यात चिकट बुळबुळीत आवरणात शेकडो बारीक गोल पेशी. पेशींच्या आत काळपट ठिपके चमकत होते. डॉक्टरच्या पेटीतलं आयोडीन पातळ करून काचेच्या कडेने सोडलं. हिरव्या शेवाळात पिठूळ (स्टार्चचा) साठा असतो, तो निळाकाळा झाला असता. इथे नुसता तपकिरी रंग आला. पेशीत केंद्रक नाही, झाडाच्या पेशीत असतं तसं हिरवं हरितलवक नाही, पिठूळ नाही. मायक्रोसिस्टिस. म्हणजे जिवाणू.

पुस्तकातला वाद वाटतो ना? मायक्रोसिस्टिस ज्यांच्यात मोडतो त्यांना नीलहरित शेवाळ म्हणा की सायनोबॅक्टेरिया, म्हणजे नीलहरित जिवाणू, पाणी हिरवं ते हिरवंच. वनस्पतिशास्त्रज्ञांनी या जिवांना दीडशे वर्षांहून अधिक काळ शेवाळातच धरलं होतं, आणि त्यात नवल नाही. ते झाडांसारखेच सूर्यप्रकाशावर अन्न करतात, ऑक्सिजन सोडतात, त्यांच्यात क्लोरोफिल-ए असतं. जोडीला फायकोसायनिन हे निळं रंगद्रव्य, म्हणून तो निळसर हिरवा रंग. पण पेशीची बांधणी जिवाणूची, भिंत जिवाणूची. रॉजर स्टॅनिअर आणि सहकाऱ्यांनी १९७८ साली या सगळ्यांचं नामकरण जिवाणूंच्या नियमांखाली आणावं असा प्रस्ताव मांडला. खरं तर झाडाच्या पानातलं हरितलवक हेच कधीकाळी पेशीत शिरून राहिलेल्या अशा एका जिवाणूचं वंशज आहे. म्हणजे शेवाळाने यांच्याकडून घेतलं, यांनी शेवाळाकडून नाही. हे सांगताना माझा आवाज आजही चढतो.

पण त्या पाळीवर मला हे समजवायचं होतं दहा मिनिटांत, भांडायला उभ्या असलेल्या माणसांना.

डॉक्टरकडे कॅल्शियमच्या दोन जुन्या काचेच्या बाटल्या होत्या, रबरी बुचांच्या. दोन्ही तेच हिरवं पाणी घालून काठोकाठ भरल्या, आत हवेचा बुडबुडाही राहू दिला नाही. एक तशीच ठेवली. दुसरी दुपट्ट्यात गुंडाळली, एका बाईकडून कपडे धुवायची मोगरी घेतली आणि बुचावर जोरात ठोका घातला. दुपट्टा सोडला तर गढूळ, दुधट हिरवं पाणी एकदम पारदर्शक, गडद झालेलं. दोन्ही बाटल्या सावलीत ठेवल्या. तासाभरात पहिलीत साय वर आली होती आणि ठोकलेल्या बाटलीत सगळी हिरवळ तळाला बसायला लागली होती.

"रंग असता, औषध असतं, तर ठोक्याने असं झालं असतं का?" मी विचारलं. "याच्या पोटात हवेच्या बारीक नळ्या आहेत. मी दाबाने त्या फोडल्या, म्हणून तो बुडाला. हा जिवंत आहे. कोणी आणून टाकलेला नाही."

एका म्हाताऱ्या ढिवराने दोन्ही बाटल्या उन्हात धरून बराच वेळ पाहिल्या. "म्हणून हे सकाऊन वर रायते, अन् दुपारी कमी होते का जी?" म्हणाला. मी थक्क झाले. अगदी तेच. दिवसा पेशी साखर साठवतात, जड होतात, खाली जातात. रात्री ती साखर खर्च होते आणि पहाटे हलक्या होऊन वर येतात. वारा नसला की पहाटे जाड थर धरतो, आणि गुरं पाण्यावर येतात तीही तेव्हाच. त्या माणसाने हे आयुष्यभर पाहिलं होतं, त्याला फक्त कारण हवं होतं. विषाची आणि पोलिसांची भाषा त्यानंतर थांबली.

राहिली मोरचुदाची पोती. इथे मात्र मी हात जोडले. मायक्रोसिस्टिसच्या पुष्कळ वाणांत मायक्रोसिस्टिन नावाचं विष असतं, आणि ते थेट यकृतावर घाला घालतं. विषारी वाण कोणता आणि बिनविषारी कोणता, हे भिंगाखाली दिसत नाही. आमच्याकडे पुरावा होता तो त्या काळजाचा. हे विष जिवंत पेशीत बहुतांशी आतच असतं. मोरचूद टाकलं की पेशी फुटतात आणि सगळं विष एकाच वेळी पाण्यात उतरतं. पाणी मग स्वच्छ दिसतं, आणि तेच जास्त धोक्याचं. ऑस्ट्रेलियातल्या पाम बेटावर १९७९ साली धरणातल्या अशाच जिवाणूंवर मोरचूद टाकलं, आणि काही दिवसांत १४८ माणसं आजारी पडली, बहुतेक लहान मुलं. तिथली जात वेगळी होती, पण पेशी फुटली की विष बाहेर, हे तसंच. हे विष उकळूनही जात नाही.

पोती झाडाखालून उचलली गेली. पूर्वेच्या घाटाला काट्या लावल्या. गुरांसाठी बोअरचं पाणी टाक्यात सोडायचं ठरलं. मासेमारी साय असेपर्यंत बंद. ढिवरांचं त्यात नुकसान होतं, आणि ते त्यांनी सोसलं, हे मला लिहून ठेवायचं आहे.

निघताना एका शेतकऱ्याने अडवलं. "मॅडम, आमाले तर बांधीत निळंहिरवं शेवाळ खत म्हणून टाकाले सांगतेत. मंग थेही जहरच का?" हा प्रश्न त्या दिवसातला सर्वांत चांगला. मी गाडीला टेकून उभी राहिले. धानाच्या बांधीत टाकायचे ते ॲनाबिना, नॉस्टॉक, टोलिपोथ्रिक्स, ऑलोसिरा. ते माळेसारखे असतात, आणि माळेत मधूनमधून एक जाड भिंतीची, फिकट पेशी असते. ऑक्सिजन आत येऊ न देता ती हवेतला नायट्रोजन धरते. भाताच्या खाचरात हे काम नीलहरित जिवाणू करतात, हे पी. के. डे यांनी १९३९ सालीच दाखवलं. हेक्टरी २०-३० किलो नायट्रोजन त्यातून मिळतो असं मानतात. मायक्रोसिस्टिसकडे ती पेशीच नाही. त्याला आयतं लागतं. आणि ते आयतं त्याला बांध्यांतून वाहून आलेला युरिया आणि फॉस्फेट देतात.

"म्हणजे आमच्याच धुऱ्यावरून गेलं म्हणा," तो म्हणाला. त्यावर मी काही बोलले नाही.

घाटावर पाटी लावायची होती. सरपंचबाईंनी विचारलं, काय लिहू? 'शेवाळ' लिहिलं तर लोक निरुपद्रवी समजतील. 'जिवाणू' लिहिलं तर कोणीतरी रोगराई समजून टीसीएल ओतेल, म्हणजे पुन्हा पेशी फुटणार. आम्ही चौघं त्या पाटीवर अर्धा तास बसलो. शेवटी सरपंचबाईंनीच स्वतःच्या हाताने लिहिलं: 'पाण्यावर हिरवी साय दिसली की गुरं उतरवू नका. आपण पिऊ नका. पाण्यात काहीही टाकू नका.'