पाटावर उभं राहिलं की मुंग्या येत नाहीत

परभणीची थंडी हाडात शिरते. डिसेंबर-जानेवारीत मराठवाड्यातला नीचांकी आकडा बऱ्याचदा आमच्याच गावचा असतो, आणि पेपरात तो कृषी विद्यापीठातल्या नोंदीवरून येतो. अशाच एका गारठलेल्या सकाळी वसमत रोडच्या बाजूला राहणाऱ्या एका निवृत्त गुरुजींचा फोन आला. "मिस्त्री, टॉवेल गरम करायची शिडी आलीय घरी. बसवता येते का तुम्हाला?"

बावीस वर्षं वायरमनचं काम करतोय. मोटारी बसवल्या, गिझर बसवले, लग्नाच्या मांडवात रात्र रात्र जागलो. टॉवेलची शिडी मात्र पहिल्यांदाच ऐकत होतो. गेलो.

कारण कळल्यावर मात्र मला ती चैन वाटली नाही. घरातल्या आजींना, म्हणजे गुरुजींच्या बायकोला, पंधरा वर्षांपासून साखर. पायाच्या बोटांत चिखल्या व्हायच्या. डॉक्टरांनी सांगितलेलं की अंघोळीनंतर बोटांच्या बेचक्या रोज कोरड्या टॉवेलनं पुसायच्या, ओल ठेवायची नाही. साखरेच्या माणसाच्या पायाला झालेली जखम कुठवर जाते हे मी माझ्या चुलत्याच्या घरी बघितलंय. त्यांची न्हाणी घराच्या उत्तर अंगाला, ऊन कधीच नाही. टॉवेल गच्चीवर वाळत घालायचा तर आजींना जिना चढवत नाही, आणि खुंटीवरचा दुसऱ्या दिवशीही दमटच. लेक इंग्लंडात असते. तिच्याकडे अशा शिडीवर टॉवेल वाळतात, तेच आईला मिळावं म्हणून जावयानं ऑनलाइन मागवून पाठवलेली.

खोकं उघडलं. चकचकीत क्रोमची अडीच फुटी शिडी. वायर कुठेच नाही. खालच्या दोन टोकांना अर्ध्या इंचाचे आटे. म्हणजे ही पाण्यावर चालणारी. थंड मुलखात घरोघरी बॉयलर असतो, त्याचं गरम पाणी पायपांतून खोल्याखोल्यांत फिरतं आणि बॉयलरकडे परत जातं. ही शिडी त्या फेऱ्यात मध्ये जोडायची. आपल्याकडे तो फेराच नाही.

गुरुजींचा पुतण्या म्हणाला, "वर सोलर हाय की. त्याचं पाणी सोडू हिच्यातून."

त्याचं डोकं चाललं होतं, म्हणून मी त्याला नीट समजावलं. सोलरचं पाणी नळ सोडला तरच हलतं. नळ बंद केला की शिडीतलं पाणी दहा-पंधरा मिनिटांत गार. ते सारखं फिरवायचं तर वेगळा पंप, वेगळी परतीची लाईन. त्यात आमचं बोअरचं पाणी इतकं जड की गिझरच्या कॉईलवर बोटभर खडा चढतो. ही शिडी साध्या लोखंडाची, वरून क्रोम. बॉयलरच्या फेऱ्यात तेच ते पाणी फिरत असतं, त्यात गंज धरू नये म्हणून औषध टाकतात, तिथं लोखंड टिकतं. रोज ताजं पाणी आत आलं की ते आतून खात सुटतं. दोन वर्षांत गळली असती. परत पाठवा म्हणालो.

मग रात्री लेकीशी व्हिडिओ कॉल झाला, आणि विजेवरची शिडी कोणती घ्यायची यावर आम्ही तासभर बोललो. त्यात दोन जाती. एकीत आत पाणी-ग्लायकॉल भरलेलं असतं आणि खालून हीटरची कांडी. ती उभीच लावावी लागते, कांडी खालीच ठेवून. दुसरी कोरडी, नळ्यांच्या आतून तापणारी केबल फिरवलेली. ती लवकर तापते, वजनाला हलकी, गळायचं काही नाही. मी कोरडी घ्या म्हणालो. नळ्या स्टेनलेस स्टीलच्या, कारण क्रोमचा पापुद्रा आमच्या खारट पाण्यात टिकत नाही. पाण्याच्या शिंतोड्यांसाठी आयपीएक्स चार किंवा त्याच्या वरचा दर्जा हवा. आणि ताकद ऐंशी ते शंभर वॉट, त्याहून जास्त नको. लेक म्हणाली, मोठी घेते, बाथरूमही उबदार राहील. मी हात जोडून नको म्हणालो. आजींच्या हातापायांची जाणीव कमी झालेली. चटका बसला तरी उशिरा कळणार.

विजेचं म्हणाल तर ऐंशी वॉटची शिडी दिवसाला तीन तास चालली तर पाव युनिटसुद्धा होत नाही. दोन हजार वॉटचा गिझर पंधरा मिनिटांत अर्धं युनिट घेतो. गुरुजींनी ते वहीत लिहून घेतलं.

लेकीनं एक गोष्ट सांगितली ती मला फार पटली. तिकडे अंघोळीच्या जागेपासून अडीच मीटरच्या आत साधं सॉकेट बसवू देत नाहीत. न्हाणीतल्या दिव्याचं बटणसुद्धा दोरीचं. मी बोर्डच बाहेर ठेवायचं ठरवलं.

बारा दिवसांनी नवी शिडी आली आणि मी हत्यारं घेऊन पोचलो. पहिला प्रश्न जागेचा. गुरुजी म्हणाले, कमोडशेजारी लावा, हाताशी येईल. मी आजींना म्हणालो, एकदा नेहमी उठता तसं उठून दाखवा. त्या उठल्या, आणि त्यांचा उजवा हात आपोआप त्याच भिंतीवर गेला. तिथं शिडी असती तर त्यांनी तिलाच धरलं असतं. शिडीचे चार स्क्रू दोन ओल्या टॉवेलांसाठी असतात, पासष्ट किलोच्या माणसासाठी नव्हे. त्यात ती तापलेली. म्हणून तिथं आधी स्टीलची पकडायची दांडी, लांब स्क्रू मारून थेट विटेत, आणि शिडी समोरच्या दाराजवळच्या भिंतीला, खालची नळी जमिनीपासून चार फुटांवर. आमच्याकडे टब नसतो. बादली-तांब्याची अंघोळ, पाणी चारी बाजूंना उडतं. तांब्या भरून स्वतः ओतून बघितला, कुठवर शिंतोडे जातात ते. दाराजवळची भिंत कोरडी राहिली.

आता सप्लाय. न्हाणीच्या बाहेर गिझरचा सोळा अँपिअरचा पॉइंट होता, तिथून लाईन घ्यायची. शिडीचं अंग धातूचं, त्यामुळं अर्थ, म्हणजे बिघाडातली वीज जमिनीत नेणारी तार, हवीच. टेस्ट लॅम्प लावला. फेज-न्यूट्रल, म्हणजे वीज आणणारी आणि परत नेणारी तार, लख्ख पेटला. फेज-अर्थ, तसाच लख्ख. मीटर लावला. फेज-न्यूट्रल २२६, फेज-अर्थ २२६. न्यूट्रल-अर्थ शून्य. पक्कं शून्य. अर्थ चांगली आहे म्हणून मी बोर्ड बंद करायला स्क्रू उचलला.

आजी दारात खुर्ची टाकून बसल्या होत्या. म्हणाल्या, "आवो दादा, मशीन हायेच तुमच्या हातात, तर साखर मोजायचं बी असतं का त्यात? ह्या नळाला हात लावला की मुंग्या येतेत बघा. कोपरापातूर. साखर लै वाढली माझी."

मी म्हणालो, "नेहमी येतात का?"

"सकाळच्यालाच येतेत. गिझर लावला की. पाटावर उभं राहिलं की नाई येत."

माझ्या हातातला स्क्रू खाली पडला.

न्हाणीत सागवानी पाट होता. जुना, पाण्यानं काळा पडलेला, कडा झिजलेल्या. तो तिथं का आहे हे मी सकाळपासून एकदाही विचारलं नव्हतं. मला वाटलं बसायला. त्या पाटावर उभ्या राहून, पदराचं टोक हाताला गुंडाळून त्या नळ सोडत होत्या. दोन वर्षांपासून! डॉक्टरांना सांगितलं होतं, त्यांनी साखरेच्या मुंग्यांवरची गोळी दिलेली. घरात कुणाला शंका आली नाही, कारण बाकी सगळे प्लास्टिकच्या चपला घालून न्हाणीत जायचे.

मग त्या शून्याचा अर्थ लागला. जमिनीतून आलेली खरी अर्थ असेल तर घरात लोड चालू असताना न्यूट्रल आणि तिच्यात व्होल्ट-दोन व्होल्ट निघतातच. पक्कं शून्य येतं ते दोन्ही तारा एकच असतील तर. मेन बंद केला, सॉकेट उपसून बाहेर ओढलं. हिरवी वायर मागच्या मागे कापून टाकलेली, तिचं टोक तांब्याच्या हिरव्या गंजानं माखलेलं. आणि न्यूट्रलच्या स्क्रूपासून अर्थच्या पिनला बोटाच्या पेरापेक्षा लहान काळ्या वायरचा लूप. व्यवस्थित सोलून, पिळून, कसून बसवलेला. ज्यानं केला त्याचा हात चांगला होता. खड्ड्यातली अर्थ मेलेली दिसली असेल, टेस्ट लॅम्प पेटेना, मालकाला पेटलेला दिवा दाखवायचा होता. दाखवला.

अंगणातल्या बोअरचा लोखंडी केसिंग पाईप जमिनीत खोल उतरलेला असतो, हाताशी असलेली खरी अर्थ तीच. लांब वायर टाकून मीटरचं एक टोक केसिंगला आणि एक न्हाणीतल्या नळाला लावलं. सगळ्यांना बाहेर काढून मेन चालू केला. गिझर बंद असताना दोन व्होल्ट. गिझर लावला, आणि आकडा अठरावर गेला.

वीज कुठून चढत होती ते मीटरच्या फळीवर सापडलं. घर जुनं, फेजला एक किटकॅट फ्यूज आणि न्यूट्रललाही एक. न्यूट्रलचा किटकॅट ओढला तर आतली पितळी पट्टी भाजून काळी, चिनी मातीवर तपकिरी डाग. गिझरचे नऊ अँपिअर त्या कुजक्या जागेतून जाताना अडायचे, अलीकडचा न्यूट्रल वर चढायचा, लूपमधून गिझरच्या अंगावर यायचा आणि टाकीपासून भिंतीतून आलेल्या लोखंडी जीआय पायपानं थेट आजींच्या हातात. ज्या दिवशी तो फ्यूज पुरता उडाला असता, त्या दिवशी अठरा नसते आले. गिझरच्या कॉईलमधून अख्खे २३० नळावर उभे राहिले असते. एमसीबी, म्हणजे जास्त करंट गेला की पडणारं बटण, पडला नसता, कारण त्याच्या दृष्टीनं काही बिघडलेलंच नसतं. आणि वीज जमिनीकडे गळली की सप्लाय तोडणारा आरसीसीबी घरात नव्हता.

मी ते गुरुजींना असंच, न लपवता सांगितलं. ते बराच वेळ बोलले नाहीत. मग आत गेले, पाट उचलून आणला आणि ओसरीवर उन्हात ठेवला. नुसते त्याच्याकडे बघत बसले.

शिडी त्या दिवशी खोक्यातच राहिली. अर्थिंगचा जुना खड्डा शोधला तर त्याच्यावर फरशी बसलेली. दोन वर्षं त्यात पाण्याचा थेंब गेला नव्हता. आमची काळी माती ओली असली तर विजेला आईसारखी पोटात घेते, पण वाळली की तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात, आणि मग पाईप खड्ड्यात नुसता अधांतरी उभा राहतो. नवा खड्डा घेतला. आठ फुटी जीआय पाईप, भोवती कोळसा-मिठाचे थर, वर नरसाळं आणि झाकण. न्हाणीच्या बाहेरच्या हात धुवायच्या नळाचं सांडपाणी त्याच्याकडे वळवलं, म्हणजे उन्हाळ्यातही माती ओली राहील. ओळखीच्या कॉन्ट्रॅक्टरकडून अर्थ टेस्टर आणून मोजलं, पाच ओहमच्या आत आलं. न्यूट्रलचा किटकॅट काढून सरळ लिंक दिली. तीस मिलिअँपिअरचा आरसीसीबी बसवला. लूप काढायचा राहिला असता तर आरसीसीबी लगेच पडला असता. हिरवी वायर बोर्डापासून खड्ड्यापर्यंत नवी ओढली. त्याला दोन दिवस गेले.

तिसऱ्या दिवशी शिडी लावायला दीड तास पुरला. टाइलवर चिकटपट्टी लावून खुणा, लेव्हल धरून. टाइलला आरपार भोक पडेपर्यंत ड्रिलचा हॅमर बंद, हळू फिरवत. चार भोकं, स्क्रू धरायला चार गिट्ट्या, प्रत्येक भोकात थोडं सिलिकॉन, म्हणजे पाणी विटेत उतरत नाही. वायर भिंतीतून आरपार बाहेर, दीड एमएमची, वेगळ्या सहा अँपिअरच्या एमसीबीवर. लेकीकडं अशा शिडीला तीन अँपिअरचा फ्यूज असतो, आपल्या प्लगमध्ये फ्यूज नसतो, म्हणून हे. बटण बाहेर, लाल दिव्याचं, शेजारी टायमर. सकाळी सहाला चालू, नऊला बंद. नळ्या तापायला वीस मिनिटं लागली. मी उलटा हात लावून मोजत उभा राहिलो. धरवत होतं, पण फार वेळ नाही.

मग मी आजींना म्हणालो, गिझर चालू आहे, नळाला हात लावून बघा. त्या पाट शोधू लागल्या. गुरुजी म्हणाले, "असंच लाव. मी आहे." त्यांनी आधी स्वतः उघड्या पायानं, ओल्या फरशीवर उभं राहून नळ धरला. मग आजींनी धरला. पदर न गुंडाळता, पूर्ण मूठ. थोडा वेळ तशाच उभ्या राहिल्या.

"काहीच नाही हो," त्या म्हणाल्या, आणि त्यांचा आवाज बदलला. "म्हणजे साखरेचं नव्हतंच का ते?"

पायाच्या मुंग्या साखरेच्याच असतील, त्या डॉक्टरांनाच विचारा, एवढंच मी म्हणू शकलो.

संध्याकाळी हत्यारं आवरत होतो तेव्हा गुरुजी चप्पल घालून आले. म्हणाले, दोन वर्षांपूर्वी ज्यानं गिझरचं काम केलं, त्यानंच त्या आठवड्यात गल्लीतल्या आणखी चार घरांत पॉइंट काढलेत. चला.

पहिल्या घरी अर्थ नीट होती. दुसऱ्या घरी अर्थच नव्हती, निदान लूपही नव्हता. तिसऱ्या घरी न्हाणीत एक पोरगी कपडे धूत बसली होती आणि गिझरचा दिवा पेटलेला होता. मी मीटरची टोकं न्यूट्रल आणि अर्थला लावली.

शून्य.

मी गिझरचं बटण पाडलं, आणि पोरीला म्हणालो, "बाळ, नळाला हात न लावता उठ. आईला बोलाव."