तुम्ही विचारलंत म्हणून: आयर्लंडची वर्तमानपत्रे कशासाठी शिकायची?

पत्रकारितेच्या विद्यार्थ्यांना मी वृत्तपत्रांचा इतिहास शिकवते आणि त्यात आयर्लंडला भरपूर वेळ देते. दरवर्षी कुणीतरी विचारतेच की आपल्याकडे ‘दर्पण’पासून ‘केसरी’पर्यंत एवढी मोठी परंपरा असताना त्या लहानशा बेटावरची वर्तमानपत्रे आम्ही का शिकायची. प्रश्न रास्त आहे आणि वर्गात तो नेहमी घाईघाईने उरकला जातो, म्हणून आज सविस्तर लिहिते.

आपल्याला सर्वांत जवळचा धागा कायद्याचा आहे. १८७८ साली लॉर्ड लिटन यांनी देशी भाषांतील वृत्तपत्रांना वेसण घालणारा जो कायदा आणला, त्याचा नमुना आयर्लंडमधून आला होता. तेथे १८७० च्या कायद्याने राजद्रोही मजकूर छापणाऱ्या पत्राचा छापखानाच जप्त करण्याचा अधिकार सरकारला मिळाला होता. डब्लिनमध्ये पारखून घेतलेले हत्यार आठ वर्षांत हिंदुस्थानात वापरले गेले आणि येथे त्याचा रोख फक्त देशी भाषांवर ठेवण्यात आला. हे नाते उलट्या दिशेनेही होते. १८९४ साली मद्रासला भरलेल्या काँग्रेसच्या अधिवेशनाचे अध्यक्ष आल्फ्रेड वेब हे डब्लिनच्या एका मुद्रक घराण्यातले होते, ही गोष्ट आपल्या पाठ्यपुस्तकांत क्वचितच येते.

आता आयर्लंडकडेच वळू. ‘बेलफास्ट न्यूज लेटर’ १७३७ पासून आजतागायत निघत आहे. त्याच शहरात १७९२ साली ‘युनायटेड आयरिशमेन’ या क्रांतिकारी संघटनेने ‘नॉर्दर्न स्टार’ काढला आणि १७९७ मध्ये सरकारी मिलिशियाच्या सैनिकांनी त्याचा छापखाना फोडून टाकला. फोडलेल्या छापखान्याची ही घटना लक्षात ठेवावी, कारण पुढे तिच्याकडे परत यावे लागणार आहे.

माझ्या मते या इतिहासाचा कणा म्हणजे १८४२ च्या ऑक्टोबरात सुरू झालेले ‘द नेशन’ हे साप्ताहिक. चार्ल्स गॅव्हन डफी, टॉमस डेव्हिस आणि जॉन ब्लेक डिलन या तिघा तरुणांनी ते काढले. लोकमत घडवायचे आणि त्याला आपल्या मातीचा गंध द्यायचा, हा हेतू त्यांनी जाहीरपणे सांगितला होता. किंमत सहा पेन्स होती, म्हणजे मजुराला परवडणारी मुळीच नव्हती. शिवाय १८४१ च्या जनगणनेनुसार देशातल्या निम्म्याहून अधिक लोकांना वाचताच येत नव्हते. अशा देशात सहा पेन्सचे इंग्रजी साप्ताहिक खेड्यापाड्यांत पोहोचले, कारण ते एकट्याने वाचायचे पत्र राहिलेच नाही. ब्रिटनशी असलेले एकीकरण रद्द करावे अशी मागणी करणाऱ्या चळवळीने गावोगावी वाचनखोल्या काढल्या होत्या. तेथे एकजण मोठ्याने वाचत असे आणि बाकीचे ऐकत. डेव्हिसने आपली गीते याच श्रोत्यांसाठी लिहिली, कारण लेख विसरला जातो पण चाल लावलेले कडवे घरापर्यंत सोबत येते, हे त्याला उमगले होते. खप म्हणजेच प्रभाव असे मानणाऱ्या माझ्या विद्यार्थ्यांना मी इथे मुद्दाम थांबवते, कारण त्या साप्ताहिकाचा प्रभाव छापील प्रतींच्या आकड्यावरून कधीच कळला नसता.

पुढे महादुष्काळ आला. डेव्हिस १८४५ मध्ये अवघ्या तिसाव्या वर्षी वारला आणि १८४८ च्या जुलैत डफी तुरुंगात असताना ‘स्पेरांझा’ या टोपणनावाने लिहिणाऱ्या जेन एल्जी या तरुणीने एक लाख बंदुकांची आस धरणारा लेख लिहिला. तो अंक सरकारने जप्त केला. हीच स्त्री पुढे ऑस्कर वाइल्डची आई झाली. डफीवर पुन्हा पुन्हा खटले चालवूनही त्याला दोषी ठरवणारी ज्यूरी सरकारला मिळाली नाही. तो अखेर ऑस्ट्रेलियाला गेला आणि १८७१ मध्ये व्हिक्टोरिया वसाहतीचा पंतप्रधान झाला.

त्यानंतरच्या साठ-सत्तर वर्षांत बंदी आणि बंदीतून काढलेली वाट यांचा सिलसिला चालूच राहिला. कुळांच्या हक्कांसाठीच्या जमीन चळवळीच्या काळात तिचे नेते पार्नेल यांचे ‘युनायटेड आयर्लंड’ हे पत्र कधी लिव्हरपूलला तर कधी पॅरिसला छापले गेले. मला सर्वांत आवडणारा प्रयोग राष्ट्रवादी संपादक आर्थर ग्रिफिथ यांचा आहे. पहिल्या महायुद्धात त्यांचे ‘सिन फेन’ हे पत्र बंद पाडण्यात आले, तेव्हा १९१४ च्या डिसेंबरात त्यांनी ‘सिझर्स अँड पेस्ट’ नावाचे पत्र काढले. नावाप्रमाणे ते कात्री आणि खळीवरच चालत होते. सेन्सॉरच्या हाताखालून गेलेली, इतरत्र आधीच प्रसिद्ध झालेली कात्रणे ते एकमेकांशेजारी अशी लावत की दोन निरुपद्रवी मजकुरांमधून तिसराच अर्थ उभा राहावा. हेही काही महिन्यांत बंद करण्यात आले. संपादन म्हणजे काय, हे शिकवायला याहून चांगले उदाहरण मला सापडलेले नाही.

पण मी आयर्लंड शिकवते ते केवळ या शौर्यकथांसाठी नाही, कारण स्वातंत्र्यानंतरचा भाग माझ्या दृष्टीने अधिक महत्त्वाचा आहे. १९२२ च्या मार्चमध्ये ब्रिटनशी झालेल्या, आयर्लंडच्या बहुतेक भागाला स्वराज्य देणाऱ्या तहाला विरोध करणाऱ्या आयरिश सैनिकांनी डब्लिनच्या ‘फ्रीमन्स जर्नल’ची छपाईयंत्रे घणाने फोडली, कारण त्या पत्राने त्यांच्या परिषदेची बातमी छापली होती. १७९७ मध्ये बेलफास्टला राजाच्या सैनिकांनी जे केले, तेच सव्वाशे वर्षांनी देशाच्या स्वातंत्र्यासाठी लढलेल्यांनी केले. ते पत्र काही दिवस चक्रमुद्रित पानांवर तग धरून राहिले आणि १९२४ मध्ये कायमचे बंद पडले.

त्यानंतर प्रत्येक दैनिकाला आपला गोतावळा होता. ‘आयरिश इंडिपेंडंट’ व्यापारी आणि कॅथलिक मध्यमवर्गाचे होते, तर ‘आयरिश टाइम्स’ जुन्या प्रोटेस्टंट वर्गाचे. १९३१ मध्ये त्या तहाला विरोध केलेले नेते एमन डी व्हॅलेरा यांनी ‘आयरिश प्रेस’ काढले, तेव्हा ब्रिटिशांविरुद्धच्या १९१६ च्या उठावानंतर गोळ्या घालून मारलेल्या पिअर्स बंधूंच्या आईच्या हस्ते यंत्र सुरू करण्यात आले. पहिला अंक हर्लिंग या काठी-चेंडूच्या आयरिश खेळाच्या अखिल आयर्लंड अंतिम सामन्याच्या तोंडावर निघाला. मोठी दैनिके ज्या देशी खेळांना फारशी जागा देत नसत, त्यांना या पत्राने मानाची जागा दिली आणि त्या बळावर ते शेतकऱ्याच्या घरात शिरले.

दुसऱ्या महायुद्धात तटस्थ आयर्लंडमध्ये सेन्सॉरशिप एवढी कडक होती की हवामानाचा अंदाजसुद्धा छापता येत नसे. ‘आयरिश टाइम्स’चा एक जुना सहकारी ब्रिटिश आरमारात होता आणि जपान्यांनी बुडवलेल्या ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ या युद्धनौकेवरून तो वाचला. ही बातमी छापणे अशक्य होते, म्हणून संपादक स्मायली यांनी छापले की नौकाविहारातील अपघातात सापडलेले आपले मित्र सुखरूप आहेत. समजणाऱ्यांना समजले.

सेन्सॉर गेला तरी सर्व काही छापले जाऊ लागले नाही. माता आणि बालकांना मोफत वैद्यकीय सेवा देणारी आरोग्यमंत्री नोएल ब्राउन यांची योजना बिशपांच्या विरोधामुळे मोडली. १९५१ च्या एप्रिलमध्ये राजीनामा देताना ब्राउन यांनी सरकार आणि बिशप यांच्यातला पत्रव्यवहार वर्तमानपत्रांकडे सोपवला आणि पडद्यामागे देश कसा चालतो ते नागरिकांनी प्रथमच छापील अक्षरांत पाहिले. तरीही अविवाहित मातांना डांबणाऱ्या संस्थांविषयी वर्तमानपत्रे त्यानंतरही कित्येक दशके गप्प राहिली. १९८४ मध्ये ग्रॅनार्ड या गावी पंधरा वर्षांची एक मुलगी मेरीमातेच्या पुतळ्याजवळ एकटीच बाळंत होऊन मरण पावली. ही बातमी ‘संडे ट्रिब्यून’ने देशासमोर आणल्यावर आपली दडवलेली दुःखे सांगणाऱ्या स्त्रियांच्या पत्रांचा रेडिओकडे ओघ लागला. परक्या सत्तेपुढे न वाकलेली वर्तमानपत्रे आपल्या समाजापुढे, आपल्या धर्मगुरूंपुढे आणि आपल्या वाचकांपुढे किती काळ वाकून राहिली, याचा हिशेब त्या स्त्रियांच्या पत्रांतून मिळतो. या प्रकरणाशी आले की माझा वर्ग शांत होतो, आणि तसे व्हावे असेच मला वाटते.

१९९६ च्या जूनमध्ये ‘संडे इंडिपेंडंट’च्या वेरोनिका गेरिन यांची अमली पदार्थांच्या टोळीने डब्लिनजवळ गोळ्या घालून हत्या केली. संसदेने लगोलग गुन्ह्यातून मिळवलेली मालमत्ता जप्त करण्याचा कायदा केला आणि त्यासाठी स्वतंत्र यंत्रणा उभारली. गेरिन यांनी ज्यांच्या पैशाचा माग काढला होता, त्यांच्यावर आता करखाते आणि पोलीस मिळून हात टाकू लागले.

आज तेथेही खप घटले आहेत. ‘आयरिश प्रेस’ १९९५ मध्येच बंद पडले. टिकून राहिला तो निधनवार्तांचा रकाना. अंत्यविधी साधारणपणे दोन-तीन दिवसांत उरकतात आणि त्याला सारे गाव जाते, म्हणून कुणाचा देह कोठे ठेवला आहे आणि प्रार्थना किती वाजता आहे हे कळणे फार गरजेचे असते. स्थानिक रेडिओ केंद्रांवर ही यादी रोज वाचून दाखवली जाते, आणि २०२४ मध्ये ‘आयरिश टाइम्स’ने निधनवार्तांचे देशातले सर्वांत मोठे संकेतस्थळ विकत घेतले.