आमची वाटचाल : काचेवरची वाळू आणि तीस सेकंद

आमचा स्टुडिओ काही जाहिराती करायच्या म्हणून सुरू झाला नाही. आम्हा दोघांना काचेवर वाळू पसरून चित्रं हलवायची होती आणि त्याचे पैसे फक्त जाहिरातवाले द्यायला तयार होते, एवढंच. आपण विकले गेलो, ही टोचणी बरेच दिवस होती. मग कळलं की ही वाट जुनीच आहे. जर्मन ॲनिमेटर ऑस्कर फिशिंगर यांनी १९३४ मध्ये जाहिरातीत सिगारेटींचं संचलन करवलं होतं, तर न्यूझीलंडचे ॲनिमेटर लेन लाय यांनी १९३५ मध्ये ब्रिटिश टपाल खात्याच्या पार्सलसेवेसाठी थेट फिल्मच्या पट्टीवर रंग फासला होता, कॅमेऱ्याशिवाय! टोचणी गेली. हप्ते फेडायचे होतेच.

काम असं : खाली दिवा, वर दुधी काच, काचेवर बारीक चाळलेली वाळू. थर जाड तिथे काळोख, बोट फिरलं तिथे उजेड. चित्र झालं की वरच्या कॅमेऱ्यानं टिपायचं आणि तेच चित्र तसूभर सरकवायचं. म्हणजे आधीचं चित्र मोडलं. कागदावरच्या ॲनिमेशनमध्ये चुकलेलं पान बदलता येतं, इथे मागे जाणं नाही. टीव्हीला सेकंदाला २५ फ्रेम लागतात, म्हणजे तीस सेकंदांना ७५०. एकेक चित्र दोन फ्रेमना चालवलं तरी ३७५ चित्रं होतात.

पहिल्या मोठ्या कामात २९० चित्रं झाली असताना आमच्यातल्या एकानं उकडतंय म्हणून पंखा लावला. पुढचं सांगायला नको. त्या बटणावर अजून चिकटपट्टी आहे.

तेव्हा फिल्म लॅबमध्ये धुऊन येईपर्यंत काय टिपलंय ते कळायचं नाही. एकदा रशेस, म्हणजे धुऊन आलेली कच्ची फिल्म, पाहिले तर चार सेकंद नुसती लुकलुक. दिव्याचं व्होल्टेज वरखाली होत होतं आणि डोळ्यांना ते जाणवलंच नव्हतं. स्टॅबिलायझर त्यानंतर आला. काळे शर्टही असेच आले, कारण पांढऱ्या शर्टाचं प्रतिबिंब काचेत उमटतं.

खरा धडा दिला एका क्लायंटनं. सगळं टिपून झाल्यावर ते म्हणाले, "डबी जरा मोठी करा ना." वाळूतली डबी! आम्ही सगळं पुन्हा केलं आणि त्यांच्या नावानं पुष्कळ बोटं मोडली. पण तेव्हापासून वस्तू वेगळी टिपतो, वाळू वेगळी, आणि शेवटी दोन्ही एकत्र करतो. आज आमचं निम्मं काम याच पद्धतीवर उभं आहे, हे मान्य करायला जरा जड जातं.

मधे थ्रीडीच्या मागे लागलो, यंत्रं घेतली. त्या कामांबद्दल न लिहिलेलं बरं.

आता कॅमेरा थेट संगणकाला जोडलेला असतो आणि आधीचं चित्र पडद्यावर पुसट दिसत राहतं, त्यामुळे हात कमी चुकतो. क्लायंट स्वतःहून म्हणतात, "हातानं केलंय हे दिसू दे." पण त्याच जाहिरातीची मोबाइलसाठी उभी आवृत्तीही हवी असते. म्हणून काचेच्या कडेला चिकटपट्टीनं दोन चौकटी आखल्या आहेत, एक आडवी, एक उभी. पात्रं दोन्हींत मावतील अशी मधोमध ठेवावी लागतात, आणि कडेच्या मोकळ्या वाळूचं काय करायचं यावर आमच्या दोघांत रोज वाद होतो.