वरचे पाणी

होळी होऊन आठवडा उलटला होता. परभणीत ज्या वेळी माणसे दारे लोटून पंख्याखाली पडून राहतात, अशा दुपारी तीनच्या सुमारास सूनबाईने फ्रिजमधून स्टीलची एक वाटी काढून माझ्यापुढे धरली आणि विचारले, "आई, हे टाकू का आता?" वाटीत पिवळसर, किंचित गढूळ पाणी होते. झाकणीवर कागदी चिकटपट्टी होती आणि तिच्यावर माझ्याच अक्षरात लिहिले होते : वरचे, ४/३. मी नेहमीप्रमाणे "राहू दे" म्हणाले, तिने नेहमीप्रमाणे काही न बोलता वाटी आत ठेवली, आणि फ्रिजचे दार मात्र जरा जोरात लागले.

माझी ही खोड जुनी आहे. भाजी उकडलेले पाणी, पनीर गाळल्यावर उरलेले पाणी, डाळ भिजवलेले पाणी, यांतले काहीही मला लगोलग मोरीत ओतवत नाही. मराठवाड्यात जन्मलेल्या माणसाला पाण्याची किंमत कळते आणि ही तीच काटकसर आहे, असा घरच्यांचा समज आहे. तो मी खोडून काढत नाही, कारण तो निम्मा खरा आहे. उरलेला निम्मा भाग असा की मी तेहेतीस वर्षे महाविद्यालयात जीवरसायनशास्त्र शिकवले, आणि त्या शास्त्रात प्रथिन शुद्ध करायला बसलेला माणूस बहुतेक वेळ हे पाणी ठेवायचे की ते, याचाच निवाडा करत असतो.

एम.एस्सी.ला असताना मला तुरीतले युरिएज वेगळे काढायचे होते. युरियाचा अमोनिया आणि कार्बन डायऑक्साइड करणारे हे विकर, म्हणजे एन्झाइम. अख्खी तूर रात्रभर भिजत घालायची, सकाळी थंडगार बफरमध्ये, म्हणजे आम्लता बदलू न देणाऱ्या द्रावणात, वाटायची, मलमलीच्या चौपदरी फडक्यातून पिळून घ्यायची, आणि मग बर्फात बसवलेल्या बीकरमध्ये अमोनियम सल्फेट घालायला सुरुवात करायची. शून्य अंशाला १०० मिलिलिटर पाणी ३० टक्के संपृक्त करायला १६.४ ग्रॅम लागते, हा आकडा मला माझ्या लग्नाच्या तारखेइतकाच पक्का पाठ आहे. ते एकदम ओतायचे नसते. खलात बारीक करून, चिमटीचिमटीने, अर्धा तास, फेस येऊ न देता ढवळत राहायचे, कारण फेस आला की बुडबुड्यांच्या पापुद्र्यावर प्रथिनांच्या घड्या उलगडतात आणि ती बिघडतात. थोड्या वेळाने पाणी दुधाळ होते आणि त्यात ढगाचे तुकडे तरंगू लागतात. क्षाराचे कण पाणी आपल्याकडे ओढून घेतात, प्रथिनांना भोवती गुंडाळायला पाणी उरत नाही, आणि मग ती एकमेकांना चिकटून तळ गाठतात. पाणी आटले की गर्दी एका जागी का होते, हे टँकरमागे घागरी घेऊन धावलेल्या माझ्या विद्यार्थ्यांना कधी समजावून सांगावे लागले नाही.

अमोनियम सल्फेट हे आमच्या वडिलांना खत म्हणून ठाऊक होते, आणि युरिया तर होताच. मी काय शिकते ते त्यांना एकदा सविस्तर सांगितले तेव्हा ते बराच वेळ गप्प राहिले आणि म्हणाले, "म्हणजे एक खत घालून दुसऱ्या खताचा वैरी धरायलीस." युरिएजच्या शुद्धीकरणाचे याहून नेमके वर्णन मी पुढे कुठल्याही ग्रंथात वाचले नाही.

तर गरगर फिरवून गाळ तळाशी बसवणाऱ्या सेंट्रिफ्यूजमधून नळ्या बाहेर काढल्या तेव्हा तळाशी करडा-पांढरा, घट्ट, देखणा साका बसला होता. चार दिवसांच्या खटपटीनंतर काहीतरी डोळ्यांना दिसत होते. मी वरचे निवळ पाणी बेसिनमध्ये ओतले, नळ्या पालथ्या घालून निथळू दिल्या, साका बफरमध्ये विरघळवला आणि त्यात युरिया घालून फिनॉल रेडचे थेंब टाकले. युरिएज असेल तर अमोनिया सुटतो आणि पिवळा रंग गुलाबी होतो. माझा पिवळा रंग पिवळाच राहिला. दहा मिनिटे गेली, अर्धा तास गेला, कुणीतरी दिवे मालवू लागले, तरी तो पिवळाच. युरिएज तीस टक्क्यांना खाली बसलेच नव्हते. ते वरच्या पाण्यात होते आणि वरचे पाणी एव्हाना इमारतीच्या मागच्या गटारात पोचले होते. आमचे सर रागावले नाहीत. त्यांनी फक्त विचारले, "बेसिनमध्ये युरिया टाकून बघितला का?"

त्या दिवशी त्यांनी जो नियम सांगितला तो पुढे मी प्रत्येक तुकडीला पहिल्याच तासाला सांगत आले : आपले प्रथिन कुठे आहे हे मोजून कळेपर्यंत काहीही फेकायचे नाही. मुले वरच्या पाण्याला 'सुपर' आणि साक्याला 'पेलेट' म्हणत, आणि परीक्षा जवळ आली की बर्फाच्या डब्यात सुपरच्या इतक्या नळ्या उभ्या राहत की पेलेटला जागा उरत नसे.

नियम सरांनी सांगितला, पण तो मी आधीच ऐकलेला होता, हे माझ्या फार उशिरा लक्षात आले. गंगाखेडच्या अलीकडे, गंगेच्या काठी, म्हणजे पुस्तकातल्या गोदावरीच्या काठी, आजीचे घर होते. होळीला चुलीवर हरभऱ्याची डाळ शिजे, रोवळीतून गाळली जाई, आणि खाली पितळी गंजात कट जमे. एका वर्षी मी उत्साहाने तो गंज उचलला आणि अंगणात जास्वंदीकडे निघाले. आजी पाट्यावर वरवंटा फिरवत होती. तिने मान वर न करता विचारले, "ए पोरी, कट कुठं ओतायलीस? पुरण अजून पाट्यावर हाय." पुरण कोरडे झाले तर त्यात कट लागतो, हे तेव्हा मला माहीत नव्हते. आमटीला तो लागतो हे माहीत होते, पण होळीच्या धांदलीत दहा वर्षांच्या मुलीला आमटी आठवत नाही. मी गंज परत आणून ठेवला. पुरण वाटून झाले, आजीने बोटाने चाखून पाहिले, पोळी लाटून पाहिली, आणि त्यानंतरच कटाला चुलीवर जायची परवानगी मिळाली. पुढे १९७२ साल आले, तेव्हा तर धान्य धुतलेले पाणीसुद्धा गोठ्यात जाई.

युरिएजची गोष्ट निघाली की मला अमेरिकी रसायनज्ञ जेम्स समनर आठवतात. सतराव्या वर्षी शिकारीच्या अपघातात त्यांचा डावा हात गेला, आणि ते डावखुरे होते. एका हाताने प्रयोगशाळेत काम करणे म्हणजे काय, हे ज्याने नळी धरून तिच्यात पिपेट रिकामी केली आहे त्याला सांगायला नको. आपल्याकडे कुंपणावर चढणारी अबई असते, तिच्याच जातकुळीतल्या जॅक बीनमधून त्यांनी १९१७ पासून नऊ वर्षे युरिएजचा पाठलाग केला. अमेरिकेतल्या इथाका गावी, कॉर्नेल विद्यापीठातल्या त्यांच्या प्रयोगशाळेत बर्फपेटी नव्हती. ते गाळीवाची पात्रे खिडकीच्या कट्ट्यावर ठेवत आणि रात्री थंडी पडावी म्हणून प्रार्थना करत. हे मी वर्गात सांगत असे तेव्हा बाहेर बेचाळीस अंश तापमान असे आणि मुले दयेने हसत. १९२६ साली त्यांनी अल्कोहोल सोडून ३२ टक्के अ‍ॅसिटोन घेतले आणि पीठ त्यात कालवून रात्रभर गाळत ठेवले. सकाळी पाहतात तो गाळणकागद तुंबलेला आणि खाली थोडेसे पाणी उतरलेले. माझ्यासारखीने ते ओतून भांडे धुवायला टाकले असते. समनरांनी त्यातला एक थेंब सूक्ष्मदर्शकाखाली धरला, आणि त्या थेंबात बारीक स्फटिक होते. विकर हे प्रथिन असते, हे त्या गाळीव पाण्याने सांगितले. जर्मनीतल्या मोठमोठ्या रसायनज्ञांना ते अनेक वर्षे पटले नाही. समनरांना नोबेल मिळाले १९४६ साली, वीस वर्षांनी.

थंडीसाठी प्रार्थना आम्हीही केली, पण आमची भिस्त बर्फाच्या कारखान्यावर असे. भारनियमनाच्या दिवसांत विभागातला शिपाई सायकलच्या कॅरिअरवर गोणपाटात गुंडाळलेली लादी घेऊन येई. ती फोडून, भुसा धुऊन, तिच्यावर खडे मीठ टाकले की चार तास निभावत. वितळलेले पाणी अर्थातच कुंड्यांना मिळत नसे, कारण त्यात मीठ. ते फरशी पुसायला जाई. खरी अडचण ऊर्ध्वपातित पाण्याची होती. साक्यातले मीठ, म्हणजे अमोनियम सल्फेट, काढायला तो सेलोफेनच्या पिशवीत बांधून लिटरभर बफरमध्ये बुडवून ठेवायचा आणि बफर तीन-चार वेळा बदलायचे. त्या बफरला लागणारे पाणी ज्या काचेच्या यंत्रातून येई, त्याला थंड ठेवण्यासाठी नळ अखंड सोडावा लागे. पाच लिटरचा कॅन भरेपर्यंत चार-पाच बादल्या पाणी मोरीत जाई. प्रथिनांतले मीठ काढायला गावातले पाणी जाते, हे मला आवडत नसे, म्हणून मी त्या नळीचे दुसरे टोक बादलीत सोडायला लावले आणि मुलांकडून त्या बादल्या झाडांना घालून घेतल्या. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला पाण्याची रेल्वे आली, पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. त्या महिन्यात मी ते यंत्र कापडाने झाकून ठेवले आणि प्रात्यक्षिके कागदावर घेतली. मुलांनी युरिएज शुद्ध केल्याचे आकडे मीच फळ्यावर लिहून दिले, ज्याबद्दल मला अजून थोडी लाज वाटते.

जेलच्या बाबतीत मात्र आम्ही पाण्याला पुरून उरलो. प्रथिन कितपत शुद्ध झाले ते पाहायला काचेच्या दोन पट्ट्यांत ओतलेल्या जेलमध्ये वीज सोडतात, म्हणजे प्रथिने आकारानुसार पांगतात. मग ते जेल कुमासी निळ्यात बुडवायचे. मुळात लोकर रंगवायचा हा रंग, आणि नाव घानामधल्या कुमासी शहराचे. सगळे जेल आधी गडद निळे होते, आणि मग मिथेनॉल व अ‍ॅसिटिक आम्लाच्या मिश्रणात ते धूत बसायचे, म्हणजे फक्त प्रथिनांच्या रेघा निळ्या उरतात आणि खोलीभर लोणच्याच्या बरणीसारखा वास सुटतो. पुस्तकात लिहिलेले असते की हे मिश्रण वारंवार बदलावे. आम्ही त्यात टिश्यू पेपरच्या गाठी मारून सोडत असू. सुटा रंग कागद पिऊन घेई आणि तेच मिश्रण आठवडाभर चाले. माझ्या विद्यार्थ्यांपैकी जे पुढे मोठ्या संस्थांत गेले, ते फोन करून बाकी काही नाही तरी गाठीची आठवण काढतात.

शेवटी वहीत तक्ता मांडायचा. प्रत्येक पायरीला किती मिलिलिटर, एकूण प्रथिन किती, एकूण क्रियाशीलता किती, दर मिलिग्रॅममागे किती, आणि सुरुवातीच्या किती टक्के हाती राहिले. ही किराणा दुकानाची खतावणीच असते. सुपर आणि पेलेट मिळून बेरीज साधारण जुळली पाहिजे. ती जुळली नाही की मी मुलांना बर्फाच्या डब्याकडे परत पाठवी, आणि बहुधा कोपऱ्यात चिठ्ठी न लावलेली एक नळी सापडे. चिठ्ठी नसलेल्या नळीचे मी गुण कापत असे. नुसती तारीख लिहिली आणि आत काय आहे ते लिहिले नाही तर जास्त कापत असे, कारण त्याने चिठ्ठी लावल्याचे खोटे समाधान तेवढे मिळते.

हे सगळे आठवून होईपर्यंत चार वाजले. सूनबाई चहा टाकायला उठली तेव्हा मी फ्रिज उघडून वाटी पुन्हा बाहेर काढली आणि खिडकीशी नेऊन पाहिली. वरचे, ४/३. कशाच्या वरचे? कट असेल तर तो आमटीत संपला होता, असे मला वाटत होते. पनीर त्या आठवड्यात केले की मागच्या, ते आठवेना. डाळ भिजवलेलेही असू शकेल. वास घेतला, काही कळले नाही. चाखून पाहिले असते, पण प्रयोगशाळेत तोंडाला काही लावायचे नाही, हेही मीच शिकवले होते.

मी झाकणी बसवली आणि वाटी होती तिथे, दह्याच्या मागे, परत ठेवली.