घुबडानं नेलेला गोटा

दिवाळीच्या आधी घर झाडायला गावी गेलो होतो. चांदूर बाजारकडचं आमचं गाव, आणि घर म्हणजे आता वर्षातून दोनदा निघणारं कुलूप. दुपारी कोठ्याचं दार ढकललं. ढोरं विकून बारा वर्षं झाली, तरी वास तोच. गव्हाणीत कुटाराच्या जागी अंगठ्याएवढ्या काळपट गोळ्या पडल्या होत्या. आधी मांजरावर संशय घेतला. मग वर पाहिलं. मयालीवर पांढरे ओघळ होते आणि कवेलूंच्या अंधारात बदामाच्या आकाराचा एक गोरा चेहरा माझ्याकडं बघत होता.

गव्हाणी घुबड हे नाव पुस्तकात वाचलं, तेव्हा ते कोणीतरी टेबलाशी बसून काढलं असेल असं वाटलं होतं. इथं तर ते अक्षरशः गव्हाणीवरच बसलेलं.

एक गोळी वाटीतल्या पाण्यात भिजवली आणि बायकोची हेअरपिन घेऊन ओट्यावर बसलो. घुबड उंदीर सगळाच्या सगळा गिळतं. जे पचत नाही त्याची, म्हणजे केसांची आणि हाडांची, पोटात मोळी बांधून ओकून टाकतं. केस बाजूला सारत गेलो तशा कवट्या निघाल्या. तीन उंदरांच्या, चिंचोक्याहून जराशा मोठ्या, पुढचे दात हळद लागल्यासारखे पिवळे. चौथी लांबुडक्या तोंडाची होती, चिचुंद्रीची असावी. बायको म्हणाली, "ती वाटी आता घरात आणू नका." हेअरपिनबद्दल मी काही बोललो नाही.

पण मला आठवला तो गोटा.

सातवीत असेन. अंगणातल्या निंबावर पिंगळ्याची, म्हणजे छोट्या घुबडांची, जोडी राहायची. संध्याकाळी त्यांचं भांडण सुरू झालं की आजी दिवा लावायची, घड्याळ नव्हतंच. एकदा त्यातला एक खालच्या फांदीवर येऊन बसला आणि माझ्याकडं बघून मुंडी खालीवर करू लागला. खाली, वर, जरा बाजूला, परत खाली. मी गणितात नापास झाल्याची बातमी त्या दिवशी घरात पोचली होती. मला वाटलं, हाही वेडावतोय. लिंबाएवढा गोटा उचलला आणि भिरकावला. पिंगळा उडाला. गोटा खाली पडल्याचा आवाज मात्र आला नाही.

आजी ओसरीवरून उठून आली.

"गोटा मारला कारे त्याले?"

"लागला नाई, आजी."

"लागो का नोको लागो. थो गोटा आता ते नदीवर नेते. रातभर पान्यात घासत बसते. गोटा जसा जसा झिजन, तसा तसा तू झिजशीन."

त्या रात्री मी झोपलो नाही. गोटा कडब्याच्या गंजीत पडला असणार हे आज कळतं. सातवीतल्या पोट्ट्याला ते कोण सांगणार? सकाळी उजाडल्यावर मी मनगटं मोजून पाहिली, बारीक झालीत का.

त्या मुंडी हलवण्याचा अर्थ फार उशिरा कळला. घुबडाचे डोळे खोबणीत घट्ट बसवलेले असतात, आपल्यासारखे फिरत नाहीत. म्हणून त्याच्या मानेत चौदा मणके, आपल्या सातांच्या दुप्पट, आणि मान पाऊण वर्तुळ फिरते. समोरची वस्तू किती लांब आहे याचा अंदाज घ्यायला ते डोकं खालीवर करतं. म्हणजे पिंगळा मला वेडावत नव्हता, मापत होता. आणि माप बरोबर घेऊन वेळेत उडाला.

या पिंगळ्याचं शास्त्रीय नाव अथेने ब्रामा. अथेना म्हणजे ग्रीकांची बुद्धीची देवी, घुबड तिचा पक्षी. ग्रीसच्या एक युरोच्या नाण्यावरही घुबडच आहे. तिकडं ते अकलेच्या खात्यात, आपल्याकडं लक्ष्मीचं वाहन म्हणून पैशाच्या खात्यात, आणि मराठीत शिवी. आमच्या घरी दिवाळीला लावतो त्या लक्ष्मीच्या चित्रात तर दोन्ही बाजूंना हत्तीच आहेत. वाहनाला जागाच ठेवलेली नाही.

आमच्या गावातून उत्तरेला मेळघाटचे डोंगर दिसतात. तिथं पिंगळ्याचा एक दुर्मीळ भाऊबंद राहतो, रानपिंगळा. 1884 नंतर तो कोणाला सापडलाच नव्हता. मधल्या काळात माइनर्ट्झहागेन नावाच्या एका इंग्रज साहेबानं 1914 मध्ये गुजरातेत मिळाल्याचा एक नमुना दाखवला होता. तो निघाला चोरीचा. लंडनच्या संग्रहालयातलाच जुना पक्षी उचलून, नव्यानं पेंढा भरून, त्यावर खोटी चिठ्ठी लावलेली. अमेरिकी पक्षीतज्ज्ञ पामेला रासमुसेन यांनी ही लबाडी उघडी पाडली, मग खोटा पत्ता वगळून खऱ्या जागांवर शोध घेतला आणि नोव्हेंबर 1997 मध्ये शहाद्याजवळ तो जिवंत दिसला, तोही भर दिवसा, कारण हा पठ्ठ्या दिवसाच शिकार करतो. पुढं मेळघाटातही सापडला. एकशे तेरा वर्षं हरवलेला पक्षी! तिथल्या कोरकू आदिवासींना तो हरवलाय हे ठाऊक होतं का, हे मात्र कोणी विचारल्याचं वाचलं नाही.

तर गोटा. गेल्या वर्षी डाव्या गुडघ्याचा एक्स-रे काढला. डॉक्टर म्हणाले, "गादी झिजली आहे." त्यांनी वय, वजन, जिने अशी कारणं सांगितली. मी मान हलवली. झिजली हा शब्द ऐकल्यावर मला दुसरं कारण लागत नव्हतं.

संध्याकाळी शेजारचे नाना आले. "उंदराचं औषध ठेवून जाजो बाप्पा, नाई तं सारं घर पोखरतीन."

मी त्यांना वाटी दाखवली. औषध खाल्लेला उंदीर घुबडानं खाल्ला की घुबडही जातं, हेही सांगितलं. नानांनी कवट्या मोजल्या. "च्यार? एका गोयीत?" मग औषधाचा विषय त्यांनी काढला नाही. त्यांनी गोटा मारलाय का कधी, हे विचारायचं माझ्या तोंडावर आलं होतं. विचारलं वेगळंच.

"नाना, नाल्याले पानी रायते का आता?"

"कायचं पानी! दिवाई झाली का खडखडीत. पोट्टे क्रिकेट खेयते तिथं."

रात्री खाटेवर पडून हिशेब केला. नदी दूर, घुबड गोटा नेणार तो नाल्यावरच. नाल्याला पाणी चार महिने. म्हणजे चाळीस वर्षांत घासाई फार तर तेरा-चौदा वर्षांची झाली.

उजवा गुडघा अजून ठीक आहे.