चार डिस्क आणि एक लपलेला फोल्डर

डेटा रिकव्हरीसाठी लोक बहुधा एखादी हार्ड डिस्क घेऊन येतात. त्या दिवशी एक गृहस्थ चार डिस्कांची अख्खी पेटीच घेऊन आले. आत विंडोज होम सर्व्हर, म्हणजे घरातल्या सगळ्या कॉम्प्युटरांच्या फायली आणि बॅकअप एका जागी ठेवणारी मायक्रोसॉफ्टची सिस्टिम, 2007 सालची पहिली आवृत्ती. मशीन सुरूच होत नव्हतं. आधी दुसरीकडे दाखवून झालं होतं. तिथे मुख्य डिस्क दुसऱ्या कॉम्प्युटरला लावली, तर फायलींची नावं दिसली, पण त्या उघडेनात. "करप्ट झालंय, विसरा," म्हणून त्यांना परत पाठवलेलं.

नावं शाबूत आणि फायली उघडत नाहीत, हे ऐकून मला उलट बरं वाटलं. या सिस्टिममध्ये ड्राइव्ह एक्स्टेंडर होता. लहानमोठ्या डिस्क जोडत जा, घरच्यांना एकच जागा दिसायची. मुख्य डिस्कवरच्या 'शेअर्स' फोल्डरात असतात ते नुसते पत्ते. खरी फाइल यांपैकी कुठल्याही डिस्कवर, 'डीई' नावाच्या लपवलेल्या फोल्डरात, साध्या एनटीएफएसमध्ये, म्हणजे विंडोजच्या नेहमीच्या फाइल-रचनेत, अखंड पडलेली असते. सर्व्हर मेला तरी प्रत्येक डिस्क सुटी वाचता येते. इतकी सोयीची गोष्ट 2011च्या आवृत्तीतून काढून का टाकली, याची मला अजून चुटपुट लागते.

"फोटोंच्या फोल्डरला डुप्लिकेशन चालू होतं का?" मी विचारलं. त्यांना आठवेना.

आधी सगळ्या डिस्कांचे क्लोन, म्हणजे हुबेहूब प्रती, करायला घेतले. तिसरी टकटक करत बसली, ती लगेच बंद केली. उरलेल्या तिन्हींमधले 'डीई' फोल्डर एकत्र केले आणि फोटो सगळे निघाले. डुप्लिकेशन चालू होतं, त्यामुळे प्रत्येक फोटोची प्रत दोन डिस्कांवर होती. व्हिडिओंना मात्र ते लावलेलं नव्हतं.

मग ते निरुपयोगी ठरवलेले पत्ते कामी आले. त्यांतली नावं आणि हाती आलेल्या फायली ताडून पाहिल्या; जे जुळलं नाही ते तिसऱ्या डिस्कवर. काय गेलं याची इतकी नेमकी यादी आमच्या धंद्यात क्वचितच मिळते.

लॅपटॉपच्या बॅकअपचं काही जमलं नाही. सगळ्या कॉम्प्युटरांचे सारखे क्लस्टर, म्हणजे डिस्कवरच्या डेटाचे छोटे तुकडे, एकदाच साठवणारा तो डेटाबेस, आणि त्याचाही काही भाग त्याच डिस्कवर.

गृहस्थांनी यादी नीट वाचली. काही व्हिडिओ नातेवाइकांकडे असतील म्हणाले, त्यांवर काट मारली. उरलेल्यांसाठी तिसरी डिस्क क्लीनरूमला, म्हणजे डिस्क उघडून दुरुस्त करायच्या धूळमुक्त खोलीत, पाठवायची ठरली.