आधी निवू दे

टेम्पो गेटवर आला तेव्हा साडेअकरा वाजले होते. एप्रिल महिना, कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीतलं ऊन, आणि पत्र्याच्या हौद्यात पुण्याहून परत आलेले बारा जॉब, आम्हीच ओतून मशीनवर कापलेले. हात लावला तर चटका बसत होता. गिअरबॉक्सच्या झाकणाचं काम होतं. ग्रे आयर्न म्हणजे ओतीव लोखंड, ग्रेड एफजी २६०, लांबी ६०० मिमी, बाहेरची भिंत ८ मिमी आणि मधून जाणारी रिब, म्हणजे आधाराची पट्टी, ४० मिमी जाड. तक्रार दोन ओळींची होती. १८० मिमीच्या बोअरमध्ये, म्हणजे गोल भोकात, बेअरिंग बसत नाही, आणि फेसचा (कापलेल्या सपाट बाजूचा) सपाटपणा ०.०५ मिमीच्या आत हवा तो ०.१८ पर्यंत गेलाय. आमच्या रिपोर्टवर मात्र बोअर पास आणि फेस ०.०३.

मालकांना दोन वाजेपर्यंत उत्तर हवं होतं. मी संध्याकाळी सहा सांगितले.

लोखंड दर अंशाला मीटरमागे साधारण ११ मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिमीचा हजारावा भाग) वाढतं. म्हणजे १८० मिमीच्या बोअरला एका अंशामागे २ मायक्रॉन. मापं सगळ्या जगात २० अंशांना धरलेली असतात. ४५ अंशांचा जॉब आणि २० अंशांच्या नमुना रिंगवर सेट केलेला बोअर गेज (भोक मोजायचं साधन) अशी गाठ पडली, की बोअर खऱ्यापेक्षा ५० मायक्रॉन मोठा दिसतो. या बोअरचा टॉलरन्स, म्हणजे चालणारा फरक, एच७: शून्य ते ४० मायक्रॉन जास्त. चूक टॉलरन्सपेक्षा मोठी झाली, तर मोजलं काय आणि नाही मोजलं काय.

म्हणून पहिलं काम ठेवण्याचं. जॉब पुसून घेतले, चिप आणि तेल काढलं आणि एसी मेट्रॉलॉजी रूममध्ये (मापाच्या खोलीत) लाकडी ठोकळ्यांवर सुटे सुटे मांडले. एकावर एक रचले तर मधले तासन् तास तापलेलेच राहतात. गरम जॉब थेट ग्रॅनाइटच्या टेबलावरही ठेवायचा नाही. टेबलाचा वरचा थर तापतो, खालचा गारच राहतो, आणि ज्याच्यावर भरवसा ठेवून मोजायचं तेच वाकतं. थर्मामीटर जाड रिबला लावला. पातळ भिंत लवकर गार होते, ती खोटं सांगते. रूम आणि रिब यांच्यात एक अंशापेक्षा कमी फरक, आणि तो अर्धा तास तसाच टिकला, तरच गेज हातात घ्यायचा. साठ-पासष्ट किलोच्या जॉबला याला पाच-सहा तास जातात. पंखा लावून थोडे कमी होतात, फार नाही.

मग दर वीस मिनिटांनी दार उघडायला लागलं.

"काय ओ साहेब, झालं का न्हाई?"

"गार व्हायला ठेवलेत."

दार उघडलं की बाहेरची ३८ अंशांची हवा आत येते, आणि आणखी पंधरा मिनिटं वाढतात. शेवटी दाराला आतून कडी लावली, एका पोराला थर्मामीटर बघत बसवलं आणि फौंड्रीकडे गेलो. खरं सांगायचं तर एरवी रोजच्या धावपळीत मी तिकडे उभा राहून बघतच नाही. रिजेक्शनचा कागद घ्यायचा आणि परत फिरायचं.

त्या दिवशी नॉकआउटजवळ, साचा फोडून जॉब बाहेर काढतात तिथे, तासभर उभा राहिलो. ओतकाम साधारण १३८० अंशांना होतं. ११५० च्या आसपास लोखंड आळतं, पण आळलं म्हणजे निवलं नव्हे. ७०० च्या वर ते अजून मऊ असतं, ताण आला तर थोडं सरकून घेतं. त्याच्या बरंच खाली, ५०० च्या आसपास ते ताठ होतं आणि तिथून पुढचा ताण अंगात साठायला लागतो. आमच्या झाकणात ८ मिमीची भिंत आधी निवते, ४० मिमीची रिब मागाहून. रिब आकसायला लागते तेव्हा भिंत आधीच ताठ झालेली असते आणि तिला आकसू देत नाही. शेवटी रिब ताणलेली, भिंत दाबलेली. साच्यातल्या वाळूत दोन्ही सावकाश आणि जवळजवळ बरोबरीनं निवतात, म्हणून फरक कमी राहतो. लालभडक असताना बाहेर काढलं, की भिंत हवेत झटकन गार होते आणि रिब मागे राहते.

प्रोसेस कार्डावर नॉकआउट दोन तासांनी आहे. माझ्या घड्याळात ४० मिनिटं झाली होती आणि साच्यांचे बॉक्स फोडले जात होते. आत जॉब केशरी-लाल. लाईनवरच्याची यात चूक नाही. ऑर्डर दुप्पट झाली, मोल्डिंग बॉक्स तेवढेच राहिले, आणि रिकामा बॉक्स परत द्यायला दुसरा मार्ग नव्हता. वाळूचंही तेच. गरम वाळू परत मिक्सरला गेली, की पाणी उडतं, बेंटोनाइट (वाळू बांधणारी माती) नीट धरत नाही, पॅटर्नला (साच्याच्या नमुन्याला) वाळू चिकटते, साच्याच्या कडा झडतात. त्या आठवड्यात वाळू पडलेले जॉब का वाढले होते, तेही तिथेच उभं राहिल्यावर कळलं.

फेटलिंगमधले, म्हणजे ओतलेले जॉब साफ करतात तिथले, मामा म्हणाले, "गुऱ्हाळावर गूळसुदा वाफ्यात निवल्याबिगर रव्यात भरत न्हाईत, आन् ह्ये तर लोखंड हाय."

त्याच बॅचचं, मशीनिंगला न गेलेलं एक कास्टिंग बाजूला मिळालं. जाड रिबवर दोन पंच मार्क मारले, अंतर मोजलं आणि मधोमध करवत चालवली. शेवटचे काही मिमी राहिले असताना टक् करून रिब स्वतःच तुटली. परत मोजलं तर मार्क ०.१ मिमीपेक्षा जास्त लांब गेले होते. मशीनशॉपमध्ये वरचा थर निघाला, की हाच ताण नव्यानं वाटला जातो आणि फेस हळूहळू वाकतो. आज नाही तर चार दिवसांनी, पुण्यात पोहोचल्यावर.

पूर्वी मशीनचे बेड ओतून सहा महिने, वर्षभर आवारात उन्हापावसात टाकून ठेवत. त्यानं सगळा ताण जात नाही, थोडा जातो, आणि आता तेवढी जागा आणि सवड कुणाकडे आहे? भट्टीचा उपाय आहे. ५५० ते ६०० अंशांपर्यंत सावकाश चढवायचं, दर २५ मिमी जाडीला एक तास ठेवायचं आणि भट्टीतच २०० च्या खाली उतरू द्यायचं. ६०० च्या वर गेलं तर ताकद घटते. चारशेला असताना भट्टीचं दार उघडलं तर केलेलं सगळं वाया, नवा ताण तयार.

मशीनशॉपमध्ये तिसरी गोष्ट सापडली. रफ आणि फिनिश, म्हणजे आधीचा जाड आणि शेवटचा बारीक काप, एकाच क्लॅम्पिंगमध्ये, क्लॅम्प करकचून आवळलेले. जॉब फिक्स्चरमध्ये वाकलेला, तसाच सपाट कापला जातो, सोडला की उसळतो. आणि तपासणीचा तक्ता. रात्री बारापर्यंतच्या नोंदी ०.०२, ०.०४, ०.०३ अशा हलत्या होत्या. दोन ते पाचमध्ये सलग नऊ वेळा ०.०३. कुठलंही मशीन एवढं शहाणं नसतं. रात्रीच्या तपासणीवरच्या पोराची ती सलग दुसरी डबल शिफ्ट होती. पहाटे दोननंतर शरीर झोपच मागत असतं. जॉबला निवायला वेळ नव्हता तसा त्यालाही नव्हता, फक्त त्याच्या अंगाला कुणी थर्मामीटर लावला नव्हता. मी तक्ता मालकांपुढे ठेवला, त्याचं नाव घेतलं नाही. शिफ्ट कुणी लावली ते विचारलं.

सहाला दहा कमी असताना रिब २०.६ वर स्थिर झाली. बोअर बाराही जॉबमध्ये २२ ते ३० मायक्रॉन लहान. फेस ०.१२ ते ०.१८. पुण्याचं माप बरोबर होतं.

नव्या कार्डाला वाद झाला. नॉकआउट दोन तास, त्यासाठी चोवीस बॉक्स जास्तीचे. कास्टिंगला ताण काढण्याची भट्टी. रफ करून १ मिमी ठेवायचं, क्लॅम्प सोडायचे, एक दिवस रॅकवर, मग हलक्या क्लॅम्पवर फिनिश. फायनल तपासणीआधी सहा तास रूममध्ये. डिस्पॅचवाले म्हणाले, दोन दिवस वाढले. मालक म्हणाले, पुण्याहून परत येण्याचं भाडं कुणी दिलं?

सुपरवायझर कार्ड भरायला बसला आणि ऑपरेशन ३५, म्हणजे रॅकवरच्या एका दिवसापाशी थांबला. मशीनच्या रकान्यात काय लिहू, टूल काय, ऑपरेटर कोण?

रॅक नंबर लिही म्हटलं. आणि दोन वेळा, ठेवला कधी आणि उचलला कधी.